नळाला बांधलेली हिरवी तार



घरात वीज कोठून येते, हे आपल्या पहिलीतला मुलगाही सांगेल. खांबावरून! पण समजा, कुलरच्या आत एखादी तार सोलली आणि वीज कुलरच्या पत्र्यात शिरली, तर ती तेथून जाते कोठे? हा प्रश्न मी आमच्या वर्गात विचारला, तेव्हा कोणी म्हणाले, "परत खांबावर", कोणी म्हणाले, "कुठंच नाही जात, तिथंच राहते." गंमत अशी की दोन्ही उत्तरांत थोडे थोडे खरे आहे. तिला जायला वाट असेल तर ती जाते. वाट नसेल तर ती पत्र्यावर वाट पाहत बसते, आणि जो कोणी ओल्या पायाने येऊन हात लावेल, त्याच्या अंगातून जाते.

ही वाट म्हणजेच अर्थिंग. आपल्याकडे तिला "अर्थिन" म्हणतात, पुस्तकात "भूसंपर्क तार" असा शब्द आहे. माझे मामा वायरमन आहेत. या उन्हाळ्यात मी त्यांच्याबरोबर आमच्या ओळीतल्या घरांतून हिंडले, तेव्हा एक गोष्ट दिसली. बऱ्याच घरांत ही हिरवी तार भिंतीवरून खाली येते, न्हाणीकडे वळते आणि पाण्याच्या नळाला दोन-तीन वेढे देऊन संपते. नळाला बांधली म्हणजे अर्थिन झाली, असे सर्वांना वाटते. ते एके काळी बरेचसे खरे होते. आता ते का खरे राहिले नाही आणि त्यात धोका कोणता, ते मी मामांकडून आणि गुरुजींकडून समजून घेतले, तेच येथे लिहीत आहे.

आधी तीन तारांची ओळख करून घेऊ. तीन पायांच्या पिनेत तीन तारा असतात. लाल तारेतून वीज येते, तिला फेज म्हणतात. काळ्या तारेतून ती परत जाते, ती न्यूट्रल. तिसरी हिरवी. तिच्यातून एरवी काहीच जात नाही. पंखा फिरतो, दिवा लागतो, हिरवी तार आपली गप्प असते. म्हणून पुष्कळ लोकांना ती बिनकामाची वाटते व ते ती कापून टाकतात, किंवा तीन पायांची पिन मोडून दोन पायांची करतात. पण त्या पिनेचा वरचा पाय जाड आणि लांब कशाला केला, याचा विचार करा. लांब असल्यामुळे पिन बसवताना तो सर्वांत आधी टेकतो आणि काढताना सर्वांत शेवटी सुटतो. म्हणजे यंत्रात वीज शिरण्याच्या आधीच त्याच्या पत्र्याची जमिनीशी गाठ पडलेली असते. मला तर ही युक्ती फार आवडली.

आता थोडे गणित. घाबरू नका, भागाकारच आहे. आपल्या घरात २३० व्होल्ट वीज येते. व्होल्टला ओमने भागले की किती अँपियर वीज वाहील ते निघते. ओम म्हणजे वाटेतला अडथळा. चांगल्या अर्थिंगचा अडथळा १० ओम धरला, तर २३० भागिले १० म्हणजे २३ अँपियर. पत्र्यात वीज शिरताच एवढी वीज जमिनीत धावेल आणि ५ अँपियरचा फ्यूज ताबडतोब उडेल. घरात अंधार होईल, पण माणूस वाचेल. तेच अर्थिंग वाईट असेल, अडथळा १०० ओम असेल, तर २.३ अँपियरच वाहतील. फ्यूजला ते कळणारसुद्धा नाही! कुलर चालूच राहील, आणि त्याच्या पत्र्यात वीज तशीच राहील.

माणसाच्या अंगाला मात्र याहून किती तरी कमी वीज पुरते. एका अँपियरचा हजारावा भाग म्हणजे मिलिअँपियर. एक मिलिअँपियरला मुंग्या आल्यासारखे वाटते. दहा-पंधराला हाताचे स्नायू आखडतात व धरलेली वस्तू सोडवत नाही, यालाच आपण "करंटनं धरून ठेवलं" म्हणतो. तीसच्या पुढे जीवावर बेतू शकते. आपला झिरोचा पिवळा बल्ब आठवतो ना? त्याला झिरो म्हणत असले तरी तो १५ वॅटचा असतो आणि ६५ मिलिअँपियर घेतो. देवघरातला तो मिणमिणता दिवा लागायला जेवढी वीज लागते, तेवढी माणसाचा जीव घ्यायला पुरते. हे ऐकल्यावर माझ्या आजीने झिरोच्या बल्बकडे असे पाहिले की बस्स.

पण मग जमिनीतून वीज जाते हे प्रथम कोणाला कळले? यात आपल्या गावाच्या नावातली रेल्वे येते, म्हणून सांगते. जर्मनीत न्युरेंबर्ग ते फ्युर्थ अशी एक रेल्वे होती. कार्ल फॉन श्टाइनहाइल नावाच्या शास्त्रज्ञाने १८३८ साली तेथे रुळांचाच तारेसारखा उपयोग करून तारायंत्राचे संदेश पाठवता येतील का, ते पाहिले. ते नीट जमेना, कारण वीज रुळांतून जमिनीत निघून जाई. तेव्हा त्याच्या ध्यानात आले की परतीची तार हवीच कशाला, जमीनच ते काम करते. आपल्या स्टेशनात गाडीच्या वर जी तार आहे तिच्यात २५,००० व्होल्ट असतात, आणि इंजिनाने घेतलेली वीज रुळांतून व जमिनीतून परत जाते. त्या तारेचे खांबही रुळांशी जोडलेले असतात. फलाटावरून लांबून पाहावे. जवळ मुळीच जाऊ नये.

आता नळाकडे येऊ.

पूर्वी रस्त्याखालचे मोठे नळ बिडाचे व घरात येणारे नळ जस्ताचा मुलामा दिलेल्या लोखंडाचे, म्हणजे जी.आय.चे असत. विचार करा, गावभर मैल-दीड मैल लोखंड जमिनीत पुरलेले आणि नळ झिरपून आजूबाजूची माती ओली. याच्याहून चांगले अर्थिंग कोठे मिळणार? आणि तेही फुकट! वेगळा खड्डा खणायला नको, मीठ-कोळसा नको. अमेरिकेतही घरोघरी पाण्याच्या नळालाच अर्थिंग जोडण्याची रीत होती. तेथे आजही जमिनीत दहा फूट किंवा त्याहून लांब पुरलेला धातूचा नळ अर्थिंगला चालतो, पण त्याच्या एकट्याच्या भरवशावर राहता येत नाही, जोडीला दुसरी सळई वगैरे ठोकावीच लागते. आपल्या भारतीय मानक संस्थेची अर्थिंगसंबंधी एक संहिता आहे, तिचा क्रमांक ३०४३. ती प्रथम १९६६ साली निघाली, मग १९८७ व २०१८ साली सुधारली. तिच्याप्रमाणे ग्राहकाने पाण्याच्या नळाचा अर्थिंग म्हणून उपयोग करायचा नाही.

कारण उघड आहे. नळ आपला असला तरी रस्त्याखालचा नळ आपला नाही. तो कोणी केव्हा बदलेल, आपल्याला कोण विचारणार? आणि बदलला तर काय घालतील? प्लॅस्टिक! आता पी.व्ही.सी. किंवा काळ्या एच.डी.पी.ई.चे नळ सगळीकडे पडतात. २०१९ साली जल जीवन मिशन सुरू झाल्यापासून तर खेडोपाडी नव्या वाहिन्या टाकल्या गेल्या. पाण्यासाठी ते चांगलेच, गंजत नाहीत, स्वस्त पडतात. पण प्लॅस्टिकमधून वीज जात नाही. रस्त्याखालचे लोखंड गेले की घरातला लोखंडी नळ म्हणजे भिंतीत रोवलेला एक तुकडा उरतो. हिरवी तार त्याला जशीच्या तशी बांधलेली. दिसायला सगळे पूर्वीसारखेच!

येथे आमच्या वर्गातल्या एकाने शंका काढली, "नळ प्लॅस्टिकचा झाला तरी आत पाणी आहे ना? पाण्यातून करंट जातोच की." शंका चांगली आहे. पण पूर्वीही वीज जमिनीत जायची ती नळाच्या लोखंडातून, पाण्यातून नव्हे. लोखंडाच्या मानाने नळाचे पाणी फारच वाईट वाहक आहे. अर्ध्या इंची प्लॅस्टिक नळीतले एक मीटर लांब पाणी घेतले तर त्याचा अडथळा हजारो ओम भरतो. त्यातून एवढी वीज जाऊ शकते की हाताला मुंग्या याव्यात, पण फ्यूज काही उडणार नाही. म्हणजे दोन्हीकडून तोटाच.

यंदा एप्रिलमध्ये आमच्याच ओळीत हे घडले. दोन घरे एकाला एक लागून आहेत. दोघांनाही मिळून रस्त्यावरून एकच लोखंडी नळ आला होता आणि मधल्या भिंतीत त्याला फाटा काढलेला होता. रस्त्यावरची वाहिनी प्लॅस्टिकची झाली, तेव्हा दारापर्यंत प्लॅस्टिक आले व भिंतीतले जुने लोखंड तसेच राहिले. अलीकडच्या घरातल्या काकू एक दिवस आमच्याकडे येऊन आईला म्हणाल्या, "बाई, मले नळाच्या तोटीले हात लावला का मुंग्या येऊन राहिल्या. आमच्या घरी तं मोटरही नाही अन् कुलरही नाही." आईने मामांना बोलावले.

मामांनी तोटीला टेस्टर लावला तर तो चकाकला! त्यांनी काकूंच्या घरचा मेन स्विच बंद केला आणि पुन्हा टेस्टर लावला. तरीही चकाकला. काकूंच्या घरात वीजच नाही आणि नळात वीज आहे! मला तर भुताटकी वाटली. मामा म्हणाले, "तुमच्या घरात काई बिघाड नाही, ताई. हे शेजारून येऊन राह्यलं." मग ते शेजारच्या घरी गेले. तेथे खिडकीत लोखंडी कुलर भन्नाट चालू होता. विचारले तर घरचे म्हणाले, "थोडा करंट मारते तो, पण चालते." कुलर बंद करून पिन काढली, इकडे काकूंच्या नळावरचा टेस्टर विझला.

आत पाहिले तर कुलरच्या छोट्या पंपाची तार पत्र्याच्या धारेवर घासून सोलली होती. तीन पायांची पिन होती, हिरवी तार जोडलेली होती, सर्व काही रीतसर होते. फक्त ती हिरवी तार शेवटी नळाला बांधली होती, आणि त्या नळाला आता जमीनच उरली नव्हती. त्यामुळे कुलरच्या पत्र्यातली वीज हिरव्या तारेतून नळात आली आणि भिंतीतून पलीकडे काकूंच्या तोटीपर्यंत पोचली. बिघाड एकाच्या घरी, धक्का दुसऱ्याच्या घरी. त्या दिवशी काकूंच्या पायांत रबरी चप्पल होती, म्हणून मुंग्यांवर भागले. नळाखाली अनवाणी, ओल्या फरशीवर उभे राहून आपण सगळेच पाणी भरतो, हे लक्षात घ्या.

(शेजारच्या कागदावर मी या दोन घरांची आकृती काढली आहे. वीज ज्या वाटेने काकूंच्या तोटीपर्यंत गेली ती वाट लाल पेन्सिलीने दाखवली आहे. जेथे लोखंड संपून प्लॅस्टिक सुरू होते तेथे फुली आहे.)

असे असेल तर अर्थिंग करावे कसे? आमच्या घरामागे मामांनी खड्डा केला, तो मी पूर्ण पाहिला. भिंतीपासून दीड मीटर तरी लांब, आणि जेथे ओल टिकते अशी जागा निवडायची. आमच्याकडे न्हाणीचे सांडपाणी जेथे केळीला जाते, तेथे खणला. वरून काळी माती, मग मुरूम लागला. त्यात जी.आय.चा नळ उभा केला. आतून ३८ मिलिमीटरपेक्षा कमी रुंद नको आणि अडीच मीटरपेक्षा कमी लांब नको, असे त्या संहितेत आहे. मामांनी तीन मीटरचा घेतला. त्याला खालच्या बाजूने भोके पाडलेली होती. नळाभोवती एक थर लाकडी कोळशाचा, एक थर खडेमिठाचा, असे भरत वर आणले. वर एक नरसाळे बसवले, पाणी ओतायला. घरातल्या बोर्डापासून या नळापर्यंत जी.आय.ची जाड तार आणून नट-बोल्टने घट्ट आवळली. वेढे द्यायचे नाहीत. वेढे ढिले होतात आणि गंजतात.

कोळसा ओल धरून ठेवतो. मीठ त्या ओलीत विरघळते व अशा खारट ओलीतून वीज सहज जाते. म्हणजे खरी गोष्ट ओलीची आहे. आणि येथेच आपल्या वऱ्हाडची काळी माती दगा देते. पावसाळ्यात ती फुगते, नळाला घट्ट चिकटून बसते, अर्थिंग अगदी उत्तम. उन्हाळ्यात तीच आकसते, हात जाईल एवढ्या भेगा पडतात, आणि पुरलेल्या नळाभोवतीची मातीसुद्धा त्याला सोडून मागे सरकते. कुलर चालतात उन्हाळ्यात आणि अर्थिंग सर्वांत वाईट होते तेही उन्हाळ्यातच! म्हणून मार्चपासून जूनपर्यंत दर आठवड्याला नरसाळ्यात दोन बादल्या पाणी ओतायचे. ते काम माझ्या धाकट्या भावाकडे दिले आहे. तो त्याला "अर्थिनले पाणी पाजणं" म्हणतो.

माझी मोठी आई दर्यापूरकडची आहे. तिकडे खारपाणपट्टा, जमिनीतच मीठ. मी मामांना म्हटले, मग तिकडे तर मजाच असेल! ते म्हणाले, "करंट चांगला जाते, पण लोखंड लवकर सडते. तिथं नळ दर काही वर्षांनी उकरून पाहा लागते." एकूण काय, काळ्या मातीत पाण्याची काळजी आणि खाऱ्या मातीत गंजाची.

खड्डा चांगला झाला की नाही, हे कसे कळणार? पुष्कळ वायरमन फेज आणि अर्थ यांच्यामध्ये शंभरचा बल्ब लावून पाहतात. बल्ब चांगला लागला की "अर्थिन ओके." मामांनी हे मला गणिताने खोटे करून दाखवले. शंभर वॅटच्या पेटलेल्या बल्बचा स्वतःचा अडथळा सुमारे ५२९ ओम असतो. त्याच्यापुढे अर्थिंगचा अडथळा १० असो की ५०, बल्बला फारसा फरक पडत नाही, तो आपला लखलखतोच. बल्ब लागलाच नाही तर अर्थिंग नाही हे नक्की, पण लागला म्हणून ते चांगले आहे असे नाही. खरे माप अर्थ टेस्टर नावाच्या यंत्राने निघते. पोरांनी हा बल्बचा प्रयोग घरी करायचा नाही, असे मामांनी मला निक्षून सांगितले आहे आणि मी ते येथे मुद्दाम लिहीत आहे.

आणखी दोन वाईट रिती सांगते. एक म्हणजे सॉकेटच्या आतच हिरव्या तारेचे भोक काळ्या तारेला जोडून टाकणे. खांबावरून येणारी न्यूट्रल कधी तुटली, की घरातल्या प्रत्येक पत्र्यात वीज येते. दुसरी म्हणजे न्यूट्रल गेली तर नळाला किंवा सळईला तार बांधून दिवा लावणे. त्यात वीज सतत नळातून वाहत राहते, बिघाड होण्याची वाटसुद्धा पाहावी लागत नाही.

मामांच्या मते नुसत्या अर्थिंगवरही राहू नये. आता घरोघरी फ्यूजच्या जागी एम.सी.बी. आल्या आहेत. १६ अँपियरची एम.सी.बी. झटक्यात पडायला ८० अँपियर किंवा त्याहून जास्त लागतात, आणि घरच्या खड्ड्यातून तेवढी वीज जाणे कठीण. म्हणून आर.सी.सी.बी. बसवावी. लोक तिला ई.एल.सी.बी. म्हणूनही ओळखतात. ती लाल तारेतून गेलेली आणि काळ्या तारेतून परत आलेली वीज सारखी आहे का, हे पाहत असते. ३० मिलिअँपियरचा फरक पडला, म्हणजे तेवढी वीज कोठेतरी गळाली, की ती क्षणात लाईन तोडते. आठवा, झिरोचा बल्ब ६५ घेतो. तिच्यावर टेस्ट लिहिलेले एक बटन असते, ते महिन्यातून एकदा दाबून पाहावे. दाबल्यावर पडली नाही तर ती बिघडली आहे.

एक गोष्ट गोंधळाची आहे, ती नीट लक्षात घ्या. घरात लोखंडी नळ असेल तर खड्ड्याच्या अर्थिंगची एक तार नळालाही जोडणे चांगलेच असते. म्हणजे नळ, कुलर, मोटर, सर्वांचे लोखंड एकाच पातळीवर राहते, आणि एका हातात तोटी व दुसऱ्या हातात कुलर आला तरी मधून वीज जात नाही. मग आधी नको म्हटले ते काय? आधी आपण नळाकडून अर्थिंग घेत होतो. येथे नळाला अर्थिंग देत आहोत. तार तीच, पण तिच्या दुसऱ्या टोकाला खड्डा आहे.

कुलरविषयी दर उन्हाळ्यात महावितरण सूचना देते, त्या आपण वाचून सोडून देतो. (आजी महावितरणला अजून "बोर्ड"च म्हणते, कारण १९६० पासून २००५ पर्यंत वीज मंडळच होते.) पाणी भरण्याआधी नुसते बटन बंद न करता पिनच काढावी. टाकी भरून खाली पाणी सांडू देऊ नये. पंपाची तार पत्र्याच्या धारेवरून जात असेल तर तेथे रबर घालावे. आणि "थोडा करंट मारते" असा कुलर त्याच मिनिटाला बंद करावा. सायफन लावायला किंवा पाइप धरायला लहान मुलांना पाठवू नये, हे मी माझ्या वतीने सांगते, कारण हे काम बहुतेक घरी आमच्याकडेच असते!

पालकहो, आज घरी गेल्यावर मीटरच्या बोर्डापासून निघालेली हिरवी तार, किंवा जुन्या घरात जी.आय.ची उघडी तार, कोठे जाते ते नजरेने पाहावे. हात लावायचा नाही. ती नळाकडे जात असेल तर ती लगेच सोडूनही टाकू नये. तिच्यात त्या वेळी वीज असू शकते, आणि जे काही थोडेफार अर्थिंग उरले असेल तेही जाईल. आधी परवाना असलेल्या वायरमनकडून खड्डा करून घ्यावा, मेन स्विच बंद करून नवी तार जोडावी, आणि मगच नळावरची जुनी तार काढावी. भिंत शेजाऱ्यांशी लागून असेल तर त्यांनाही त्यांची तार पाहायला सांगावे, कारण त्यांचा नळ आणि तुमचा नळ आत एकच असू शकतो.

(इयत्ता सातवीतील एक विद्यार्थिनी)